कोंडसरच्या तरीचा फेरलिलाव

भाई निवाते आमच्या अंगणात आला तेव्हा मी बांगडे चिरून मिठात घालत होते. हात कोपरापर्यंत खवल्यांनी भरले होते. तो पायरीपाशी येऊन थांबला. दोन वर्षांपूर्वी थांबला नसता, सरळ ओटीवर आला असता.

"वहिनी, बसायला सांगशील की नाही?"

"बसा की. पाट ओला आहे पण."

तो बसला नाही. मागे रस्त्यावर त्याची जीप उभी होती आणि जीपला टेकून त्याचा ड्रायव्हर गजानन कान देऊन ऐकत होता.

"हायकोर्टाचा निकाल वाचला मी," भाई म्हणाला. "जिंकलीस तू. मान्य. आता पुढे काय?"

"पुढे लिलाव. कोर्टाने तेच सांगितलंय."

"अगं, लिलाव लागतो भांडणाऱ्यांना. आपण भांडायचं कशाला? तुम्ही बोली लावू नका. ठेका माझ्या नावावर राहू दे. होड्या तुमच्या, माणसं तुमची, येईल त्यात निम्मं तुमचं. विश्राम असता तर हो म्हणाला असता."

मी हातातला बांगडा खाली ठेवला. नवऱ्याचं नाव त्याच्या तोंडून मला ऐकवत नसे. पण त्या दिवशी मी आवाज चढवला नाही.

"आणि आम्ही बोली लावली तर?"

"तर मीही लावीन. माझ्यापुढे तुम्ही किती टिकणार, तुलाच ठाऊक."

"मग घाबरता कशाला, भाई?"

"घाबरतो? मी?"

"मी नाही म्हणत. बाजारात बोलतात लोक. भाई निवाते हल्ली एका खारवणीला भितो, कोर्टात हरला, आता घरी जाऊन हात जोडील, म्हणतात. मी म्हटलं, छे, भाई असा नाही."

त्याने मागे वळून गजाननकडे पाहिलं. गजानन आकाशात बघायला लागला. भाईचे कान लाल झाले होते.

"लिलावाला भेटू," तो म्हणाला आणि जीपचं दार आपटून निघून गेला.

मी पुन्हा बांगडे चिरायला घेतले. मला एवढंच हवं होतं. लिलावाला तो आला पाहिजे होता.

आता हे सगळं कशावरून, ते सांगते. आमचं कोंडसर खाडीच्या अलीकडे आणि वेळणे पलीकडे. हायस्कूल, दवाखाना, बाजार, सगळं वेळण्यात. गाडीरस्त्याने जायचं तर खाडीला वळसा घालून अर्धा दिवस मोडतो, होडीने विडी ओढून होईपर्यंत माणूस पार. या ने-आणीला आमच्याकडे तर म्हणतात. दर तीन वर्षांनी सरकारी बंदर कचेरीत तरीचा लिलाव व्हायचा. ज्याची बोली मोठी, त्यालाच माणसं नेण्याचा हक्क. दुसऱ्या कुणी पैसे घेऊन एक म्हातारी जरी होडीत घेतली तरी गुन्हा. तिकिटाचा दर सरकार ठरवणार, तो फळ्यावर लिहिलेला.

आम्ही पावसे. आमचं घर आणि आणखी तीन घरं मिळून नाविक मंडळ होतं. चार होड्या. विश्रामच्या आज्यापासून तर आमच्याकडे. लिलावाला दुसरं कुणी यायचंच नाही. मग वेळण्याच्या किनाऱ्यावर पर्यटक यायला लागले, लॉजिंगं उठली, तसा भाई निवात्याचा डोळा तरीवर गेला. त्याच्याकडे रेतीचे ठेके होते, धक्क्याच्या दुरुस्तीची कामं होती, पेट्रोल पंप होता. साहेबलोक त्याच्याच जीपमधून फिरायचे.

लिलावाच्या दिवशी विश्राम अनामत रकमेचा ड्राफ्ट प्लास्टिकच्या पिशवीत घालून, खिशाला वरून टाचणी लावून गेला. कचेरी पहिल्या मजल्यावर. जिन्याच्या तोंडाशी भाईचे दोन गडी आडवे उभे. भाई स्वतः वर कठड्याला टेकून चहा पीत होता. विश्राम होडीतून उतरून तसाच गेलेला, पायजम्याचे पाय भिजलेले.

भाई वरून म्हणाला, "अरे विश्राम, ओल्या पायांनी कुठे वर येतोस? सरकारी फरशी आहे. पाय वाळव, मग ये."

खाली उभे होते ते सगळे हसले. विश्रामने गड्यांना बाजूला व्हा म्हटलं, विनवलं, मग ढकललं. दोघांनी त्याला भिंतीशी दाबून धरलं. जाहीर वेळेच्या आधीच वर दार बंद झालं आणि लिलाव उरकला. दार उघडलं तेव्हा तरीचा ठेका भाईचा झालेला होता, आमच्या जुन्या बोलीहूनही कमी रकमेत.

विश्रामने घरी येऊन हे एकदाच सांगितलं. ओल्या पायांचंही सांगितलं. सांगताना तो हसायचा प्रयत्न करत होता.

रत्नागिरीच्या नसरीन मुकादम वकीलबाईंकडे तो मंडळाच्या वतीने जाऊन आला. त्यांनी हायकोर्टात अर्ज घातला. पण अर्ज कोर्टात आणि चूल घरात. होड्या धक्क्याला बांधून पडलेल्या. श्रावणात, मासेमारी सुरू झाली तशी, विश्राम दुसऱ्याच्या ट्रॉलरवर खलाशी म्हणून गेला. तो खाडीचा माणूस. डोळे मिटून होडी पार न्यायचा, पण भर समुद्रात जाळं ओढायची त्याला सवय नव्हती. तिसऱ्या खेपेला जाळ्याच्या दोरात पाय अडकला आणि तो समुद्रात ओढला गेला. बरोबरच्यांनी खूप शोधलं. काही हाती लागलं नाही. सासूबाई वर्षभर धक्क्यावर जाऊन बसायच्या.

वकीलबाई भेटायला आल्या त्या पांढऱ्या ओढणीत, घामाने थबथबलेल्या. पाणी प्यायल्या. मग म्हणाल्या, "सुगंधाताई, केस सोडायची असेल तर मी समजू शकते."

"मंडळाने मला अध्यक्ष केलंय. सोडायची नाही."

"मग नीट ऐका. कोर्ट तुम्हाला भरपाई देणार नाही. तरही देणार नाही. आपण एवढंच म्हणतोय, की सरकारने काही द्यायचं तर सगळ्यांना सारखी संधी देऊन द्यावं. फार तर झालेला लिलाव रद्द होईल आणि पुन्हा घ्या म्हणतील."

"निवात्याला पुन्हा लिलावाला बसता येईल?"

"येईल. त्याला कसं अडवणार?"

"मग चालेल."

त्यांनी माझ्याकडे जरा वेळ बघितलं. मग वकीलपत्र माझ्यापुढे सरकवलं.

मुंबईत कोर्टात मी फक्त शेवटच्या दिवशी गेले. बाकांवर काळे कोट, पंखे, इंग्रजी. भाईचा वकील मोठा होता, पांढरे केस, आवाज खर्जातला. वकीलबाई मला हळूच अर्थ सांगत होत्या. तो म्हणत होता, अर्जदार उशिरा आला, वर आलाच नाही. लिलावात तीन जणांनी बोली लावली, चांगली चुरस झाली, मग अन्याय कसला?

मग वकीलबाई उठल्या. त्यांनी आरडाओरडा केला नाही. लिलावाच्या अटी काढल्या आणि त्यातली एकच अट वाचली. बोली लावणाऱ्याच्या नावावर स्वतःची, नोंदणी झालेली होडी पाहिजे.

जज्जसाहेबांनी भाईच्या वकिलाला विचारलं, दुसरा बोलीदार कोण?

वकील मागे वळला. भाई त्याच्या कानाशी लागला. दुसरा बोलीदार गजानन निघाला, भाईचा ड्रायव्हर. तिसरा पेट्रोल पंपावरचा माणूस.

"यांच्या होड्या?" जज्जसाहेबांनी विचारलं.

वकील कागद चाळत राहिला. कागद संपले तरी चाळत राहिला.

तेव्हा जज्जसाहेब चक्क मराठीत बोलले. "म्हणजे ज्यांच्याकडे होडी नाही ते दाराच्या आत, आणि ज्याच्याकडे चार होड्या तो जिन्याखाली?"

मागच्या बाकावरून कुणीतरी हसलं. भाईने मान खाली घातली. मी त्याच्याकडे टक लावून बघत होते. हे पुरे नाही, माझ्या मनात आलं. हे परक्या लोकांसमोर झालं. इथे त्याला कोण ओळखतंय?

ठेका रद्द झाला. फेरलिलाव उघड्यावर, कचेरीच्या अंगणात घ्या, तहसीलदार समोर पाहिजेत, दोन्ही गावांत दवंडी द्या, असं कोर्टाने लिहून दिलं. वकीलबाईंनी माझा हात घट्ट धरला. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. माझ्या नव्हतं.

त्यानंतरच भाई आमच्या अंगणात आला, ते आधी सांगितलंच.

लिलावाच्या आदल्या दिवशी मंडळाची बैठक आमच्या ओटीवर झाली. आमच्यात सगळ्यात वडील रघूतात्या. त्यांनी हिशेब मांडून सांगितलं, "साडेतीन लाखांपर्यंत जायचं. त्याच्यावर गेलो तर ही तरच आपल्याला खाईल. सुगंधा, कळलं ना गो?"

"कळलं, तात्या."

"साडेतीनला भाई पुढे गेला तर सोडून द्यायचं. हट्ट नाही."

"बरं."

मी तात्यांच्या डोळ्यांत बघून बरं म्हटलं. माझ्या मनात काय होतं ते मी सासूबाईंनासुद्धा सांगितलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी कचेरीच्या अंगणात जत्रा जमली. कोंडसर रिकामं झालं होतं, वेळणं रिकामं झालं होतं. फणसाच्या झाडाखाली टेबल, टेबलामागे तहसीलदार आणि बंदराचे साहेब. भाई इस्त्रीचा सदरा घालून, चार माणसं मागे घेऊन खुर्चीवर बसला होता. या वेळी होडी लागते म्हणून त्याने खरंच एक लॉन्च विकत घेतली होती. ती सकाळीच धक्क्याला आणून लावलेली, हार घातलेली.

आणखी दोघं परगावचे होते. बोली सरकारी किमतीपासून निघाली. दोन लाखांवर पहिला परगावचा गळला, अडीचवर दुसरा. उरलो भाई आणि मी.

"तीन लाख," भाई म्हणाला.

"सव्वातीन."

"साडेतीन."

रघूतात्यांनी मान हलवली. संपलं. मंडळातल्या बायका उठायला लागल्या.

"चार लाख," मी म्हटलं.

तात्यांनी माझा दंड धरला. "सुगंधा!"

भाईने माझ्याकडे बघितलं. "साडेचार."

"पाच."

अंगणात गलका झाला. कुणीतरी शिट्टी मारली. वेळण्याच्या कोळणी ओरडल्या, "सुगंधाबाय, सोडू नको गो!" तात्या माझ्या कानाशी येऊन म्हणाले, "आपल्याकडे एवढे नाहीत. तो थांबला तर घरं विकावी लागतील. चौघांची. ऐकतेस?"

ऐकत होते. तो आता थांबला असता तर मी चार घरांना बुडवलं असतं, हे मला कळत होतं. पण मी भाईकडे बघत होते. तो बोली लावण्याआधी दर वेळी लोकांकडे बघायचा. टेबलाकडे नाही, तहसीलदारांकडे नाही, लोकांकडे.

"साडेपाच," तो म्हणाला.

"भाई, राहू दे," मी मोठ्याने म्हटलं, सगळ्यांना ऐकू जाईल असं. "मी बाईमाणूस. माझ्याशी हरलात तर कुणी हसणार नाही. सहा."

लोक हसलेच. भाईच्या मागचा माणूस त्याच्या खांद्यावर हात ठेवून काहीतरी सांगत होता. भाईने तो हात झटकला.

"सात!"

"साडेसात."

"आठ!" तो उभा राहिला होता. सदरा पाठीला चिकटला होता.

"नऊ," मी म्हटलं.

तहसीलदार म्हणाले, "बाई, रक्कम वर्षाची आहे. एक चतुर्थांश आजच भरावी लागेल. माहीत आहे ना?"

"माहीत आहे."

"नऊ लाख, एक वार," साहेब म्हणाले.

तात्यांनी माझा दंड सोडला. ते दूर जाऊन उभे राहिले. भाई लोकांकडे बघत होता. ते सगळे त्याच्याकडे बघत होते.

"नऊ लाख, दोन वार."

कुणीतरी मागून म्हणालं, मला आजही ठाऊक नाही कोण, "भाईची हवा गेली रे!"

"दहा!" भाई ओरडला. "दहा लाख!"

साहेबांनी माझ्याकडे बघितलं. सगळ्यांनी बघितलं. मी पदर सावरला आणि टेबलाला नमस्कार केला.

"बस. ठेका भाईंना द्या. आम्ही आलो ते फक्त लिलाव नीट होतो का बघायला."

एक वार, दोन वार, तीन वार झालं. कुणी टाळी वाजवली नाही. काय झालं ते लोकांना हळूहळू कळत गेलं आणि एकेक जण माझ्याकडे वळायला लागला. भाई खुर्चीवर बसला. सहीचा कागद पुढे आला तेव्हा त्याने त्यावरचा आकडा दोनदा वाचला.

त्या संध्याकाळी मंडळाची माणसं घरी आली. तात्या ओटीवर चढले नाहीत.

"तू आमच्याशी खोटं बोललीस," ते म्हणाले.

"हो."

"तर गेली आपली."

"तर दोन वर्षं नव्हतीच, तात्या. आता थोडे दिवस थांबा. त्याच्या लॉन्चवर आपल्यातलं कुणी जायचं नाही, सुकाणाला नाही नि दोराला नाही. तिकीट तो वाढवू शकत नाही. दहा लाख त्या खाडीतून निघत नाहीत. तुम्हीच हिशेब मांडला होता ना?"

तात्या जायला वळले. "विश्राम असता तर असं केलं नसतं," म्हणाले.

"विश्राम असता तर मला करावं लागलं नसतं."

वकीलबाईंचा फोन आला. त्यांना कुणीतरी सगळं सांगितलं होतं. आवाज तुटक होता.

"सुगंधाताई, मी कोर्टासमोर उभी राहून न्याय्य लिलाव मागितला होता."

"न्याय्यच झाला की, वकीलबाई. दार उघडं होतं. वेळेवर सुरू झाला. ज्याला यायचं तो आला. त्याला कुणी जबरदस्ती केली?"

"नाही," त्या म्हणाल्या. मग फोन ठेवला.

भाईने बाहेरगावचे खलाशी आणले. पगार जास्त, काम कमी. लोकांनी कामाशिवाय पलीकडे जाणं कमी केलं, काही जण रस्त्याने वळसा घालून जायला लागले, नुसत्या चिडीने. त्याने फळ्यावरच्या दरापेक्षा जास्त घ्यायला सुरुवात केली, तेव्हा मी पहिली तक्रार दिली. मग दुसरी. दंड झाला. दिवाळीनंतर त्याने पुढचा हप्ता भरला नाही. ठेका रद्द झाला, अनामत जप्त झाली, आणि नाव सरकारच्या काळ्या यादीत गेलं. त्या यादीत गेल्यावर रेतीचा ठेका गेला, धक्क्याचं काम गेलं. लॉन्च कर्जाची होती, ती बँकेने ओढून नेली. पेट्रोल पंप त्याच्या मेहुण्याने घेतला, पडत्या भावात.

कोंडसरची तर पुन्हा लिलावाला निघाली तेव्हा कुणी आलंच नाही. दोनदा जाहिरात झाली. तिसऱ्यांदा नाविक मंडळाची एकच बोली होती. तीन लाखांच्या आत आम्हाला मिळाली. रघूतात्यांनी पहिल्या खेपेला नारळ फोडला, प्रसाद सगळ्यांना दिला. माझ्या हातावर खोबऱ्याचा तुकडा ठेवताना त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही. ते वारेपर्यंत माझ्याशी कामापुरतंच बोलले.

लोक म्हणतात, सूड घेतल्यावर माणूस आतून रिकामं होतं. मला तसं काही झालं नाही. विश्राम गेल्यापासून मला झोप नव्हती. भाईचं नाव काळ्या यादीत गेल्याचं कळलं त्या रात्री मी जी झोपले ती उन्हं अंगणात आल्यावर उठले.

त्यानंतर पाच-सहा वर्षांनी, भाद्रपदात, मी तिकिटं फाडत होते. दुपारची खेप. होडीत एक म्हातारा चढला, हातात काठी, गालफडं बसलेली, एका हाताला कापड गुंडाळलेलं. दवाखान्यात निघाला असावा. बसल्यावर मी ओळखलं. त्यानेही ओळखलं. होडी निम्म्या खाडीत आली.

मग पाण्याकडे बघत म्हणाला, "वहिनी, एक सांगू? तू नऊ म्हणालीस ना, तेव्हाच मला कळलं होतं. तुझ्याकडे पैसे नाहीत. मी गप्प बसलो असतो तर तूच बुडाली असतीस."

"मग?"

"मग काय. सगळे बघत होते."

"हो," मी म्हटलं. "मी तेवढ्यासाठीच कोर्टात गेले होते."

वेळण्याचा धक्का आला. खलाशाने त्याला हात देऊन उतरायला मदत केली. उतरण्याआधी त्याने खिशातून दहाची नोट काढून माझ्यापुढे धरली. मी घेतली. फळ्यावर दर पाच रुपये लिहिलेला होता. मी पाच रुपये मोजून त्याच्या हातावर ठेवले आणि त्याच्या मागे उभ्या असलेल्या बाईला म्हटलं, "चला, तिकीट."